दोन पोती जायफळ

लारोंद आमच्या बेटाचा रस्तेमंत्री झाला तेव्हा त्याचा फोटो पहिल्या पानावर छापायला मी साफ नकार दिला होता. "चौथ्या पानावर, जहाजांच्या वेळापत्रकाखाली," मी म्हटलं, आणि त्याने ते निमूटपणे मान्य केलं. चोवीस वर्षं मी त्याच्या छापखान्यात छपाईचे खिळे जुळवले. तोंडावर त्याला मी 'मिस्टर लारोंद' म्हणायची, मनात नुसतं 'लारोंद'. इथे मनातलंच लिहिते. तो आता हयात नाही, आणि असता तरी प्रूफ वाचून त्याने एवढंच विचारलं असतं की तारखा बरोबर आहेत का.

मंत्री म्हणून त्याने फार दिवे लावले असं नाही. अठरा महिने ते खातं त्याच्याकडे होतं, तेवढ्यात उत्तर किनाऱ्याचा पूल झाला, आणि मग सरकारच पडलं. पुलावर त्याच्या नावाची पाटी आहे, तिच्यावर कोळी जाळी वाळत घालतात. मला त्याच्याबद्दल लिहायचंय ते पुलासाठी नाही. त्याच्या आधीच्या निवडणुकीत, बहात्तर साली, तो सपाटून पडला होता. त्या पडण्याबद्दल लिहायचंय.

एव्हरार्ड लारोंद हा पिंपं बांधणाऱ्या सुताराचा मुलगा. उंच, हडकुळा, दोन सदरे आणि एक सायकल एवढाच संसार. एकोणपन्नास साली मिशनऱ्यांनी भंगारात काढलेलं पायाने मारायचं छपाईयंत्र त्याने लॅम्बर्ट टाउनमध्ये आणलं आणि साप्ताहिक सुरू केलं. नाव ठेवलं 'शंख'. आमच्याकडे मासळीची होडी किनाऱ्याला लागली की शंख फुंकतात, तो ऐकून बायका टोपल्या घेऊन धावतात. याच्या शंखाला माणसं शनिवारी दुपारी धावायची.

पेपर चार पानांचा. पहिल्यावर सरकार काय करत नाही ते, दुसऱ्यावर केळ्यांचा भाव आणि क्रिकेट, चौथ्यावर जाहिराती आणि जहाजं. लोक पेपर घ्यायचे ते तिसऱ्या पानासाठी. तिथे कोर्टाची यादी असे. गुरुवारी मॅजिस्ट्रेटसमोर कोण कोण उभं राहिलं, गाव कोणतं, वय काय, आरोप काय, दंड किती. सार्वजनिक जागी शिवीगाळ. दुसऱ्याच्या झाडाचे नीरफणस उतरवणे. गाढव मोकाट सोडणे. घरामागे रम गाळणे. शुक्रवारी सकाळी छापखान्याच्या पायरीवर लोक येऊन बसायचे, कुणाच्या हातात अंडी, कुणाच्या काखेत जिवंत कोंबडी. "एवढं एक नाव गाळा, मिस्टर लारोंद, मुलीचं लग्न ठरतंय." लारोंद सगळं शांतपणे ऐकून घ्यायचा, अंडी परत करायचा, कोंबडी परत करायचा आणि नाव छापायचा.

त्याने स्वतःच्या आईलाही सोडलं नाही. मा ऑगस्ता त्रेसष्ट वर्षांची होती. शेजारणीच्या अंगावर भांडी धुतलेलं पाणी ओतून वर तिच्या सात पिढ्यांचा उद्धार केला म्हणून तिला दंड झाला. "ऑगस्ता लारोंद, ६३, लॅम्बर्ट टाउन," अशी ती ओळ मीच जुळवली, आणि जुळवताना दोनदा त्याच्याकडे बघितलं. त्याने मान वर केली नाही. चार महिने आई त्याच्याशी बोलली नाही. त्याचा डबा ती त्याच शेजारणीच्या हातून पाठवायची, कारण एव्हाना दोघींची दिलजमाई झाली होती, ती त्याच्याविरुद्ध.

पण याच गोष्टीने त्याचं नाव बेटभर झालं. बहात्तर साली उत्तर किनाऱ्याचा पूल वाहून जाऊन दोन वर्षं झाली होती आणि तिथले आमदार बॅरिस्टर सेल्विन अजून "पाहणी चालू आहे" म्हणत होते. तेव्हा शिंपी पोलियस पाच-सहा जणांना घेऊन छापखान्यात आला. "जो माणूस आईला सोडत नाही, तो सेल्विनला काय सोडणार?" तो म्हणाला. "उभे राहा."

लारोंद मला म्हणाला, "क्लोतिल, तुला काय वाटतं?"

"तुम्हाला बोलता कुठे येतं?" मी म्हटलं.

खरंच येत नव्हतं. हातात कागद असेल तर ठीक, कागद खाली ठेवला की त्याची जीभ जड व्हायची. पहिल्या सभेत लॉरीवर उभं राहून तो चार मिनिटं बोलला आणि "बाकी शनिवारच्या अंकात वाचा," म्हणून खाली उतरला. पोलियसने कपाळावर हात मारला आणि सभा बंद करून घरोघर फिरायचं ठरवलं. बायकांशी बोलायला कुणीतरी हवं म्हणून मलाही घेतलं. मी आन्स मारीची, म्हणजे त्याच मतदारसंघातली.

पहिल्या दिवशी मी सगळ्यांच्या मागे मागेच चालत होते. ज्या दारी जाणार त्या प्रत्येक घरातलं कुणी ना कुणी याने छापलेलं. पण झालं भलतंच. दार उघडायचं आणि आतून कात्रण यायचं.

"या, या. हे बघा, एकसष्ट साल. 'गाढव मोकाट सोडणे.' तेच गाढव अजून आहे, बाहेर बांधलंय. भेटायचंय?"

एका म्हातारीने तर कात्रण येशूच्या तसबिरीमागून काढलं. "माझं नाव आयुष्यात एकदाच छापून आलं, तेही शिव्यांसाठी," ती म्हणाली. "त्याचं काही नाही, दिल्या होत्या मी. पण तुम्ही वय बावन्न लिहिलंत. मी अठ्ठेचाळीसची होते. आधी वयाचं बोला, मग मताचं."

लारोंदने वही काढून वय लिहून घेतलं. म्हातारी खूश झाली आणि आम्हाला तळलेल्या पावासोबत खारा मासा खाऊ घातला. सगळीकडे हेच. आरडाओरडा करायचे, चिडवायचे, आणि निघताना म्हणायचे, "आम्हाला छापलंत तसं तिकडे जाऊन त्यांनाही छापा." पोलियस रोज संध्याकाळी मतं मोजायचा आणि आकडा वाढतच होता. लारोंद सायकलवर शीळ घालायला लागला. इतक्या वर्षांत मी त्याची शीळ ऐकली नव्हती.

शेवटचं गाव मॉर्न काबरी. आमच्या आन्स मारीच्या वर, डोंगरावर. तिथली मतं मर्ल व्हिक्टरच्या हातात आहेत असं सगळे सांगत होते. मर्ल सुईण होती. गेल्या दहा-बारा वर्षांत त्या गावात जन्मलेलं एकूण एक मूल तिच्या हातावर आलेलं, आणि त्या मुलांच्या आया ती म्हणेल त्या चिन्हावर शिक्का मारणार हे उघड होतं. मी पोलियसला म्हटलं, "तिथे मी येत नाही, माझा पाय दुखतोय." तो म्हणाला, "पाय माझाही दुखतोय, चल."

मर्ल नुकतीच एक बाळंतपण उरकून आली होती आणि दारातल्या बादलीत हात धूत होती. सदतीस वर्षांची बाई, पण चालणं-बोलणं साठीचं. तिने आम्हाला बाकावर बसवलं, कोको दिला. लारोंदला आता सवय लागली होती. तो हसत म्हणाला, "आणि मिस मर्ल, तुमचं कात्रण कुठाय?"

पोलियसही हसला. मर्लने हात पुसले.

"मी ठेवलेलं नाही," ती म्हणाली. "गावाने ठेवलंय. खाली कॉन्रॅडच्या दुकानावर विचारलंत ना माझं घर? काय म्हणाले ते?"

पोलियसने पेला खाली ठेवला. दुकानदार कॉन्रॅडने रस्ता दाखवताना "जायफळबाईकडे ना, वर जा," असं म्हटलं होतं. आम्हाला वाटलं, झाड वगैरे असेल.

"सत्तावन सालचा मार्च," मर्ल म्हणाली. "मी बावीस वर्षांची होते. चर्चच्या शाळेत शिकवायची. इस्टेटीच्या वखारीतून दोन पोती जायफळ गेलं. मी रविवारी मामाच्या झाडाची जायफळं टोपलीत घेऊन येत होते, ओव्हरसियरने धरलं. शनिवारी तुमच्या पेपरात नाव आलं. कॉन्रॅडने दुकानाच्या ओट्यावर मोठ्याने वाचलं, सगळ्या गावासमोर. तो सगळ्यांचंच वाचतो, नाटक करून. सोमवारी फादरांनी मला शाळेत येऊ नको म्हणून सांगितलं."

"आणि दंड किती झाला?" लारोंदने विचारलं. त्याचा तो सवयीचा प्रश्न.

"दंड झाला नाही. मे महिन्यात मॅजिस्ट्रेटने खटला काढून टाकला. ओव्हरसियरला काही दाखवताच आलं नाही."

"तसं असतं तर 'शंख'मध्ये आलं असतं," लारोंद म्हणाला. अगदी खात्रीने.

मर्लने त्याच्याकडे बघितलं नाही. तिने माझ्याकडे बघितलं. मी कोकोच्या पेल्यात बघत राहिले.

पोलियसला घाई होती. "ते सगळं आपण बघूच, मिस मर्ल," तो म्हणाला, "पण मताचं काय समजायचं?"

"मिस्टर लारोंद," मर्ल म्हणाली, "निवडणूक झाल्यावर या." आणि रिकामे पेले गोळा करायला लागली.

सोमवारी सकाळी तो कोर्टात गेला, मला घेऊन. म्हातारा कारकून तेवीस वर्षं त्याला दर गुरुवारी यादी द्यायचा. लारोंदने सत्तावनची नोंदवही मागितली. मे महिन्याचं पान निघालं. 'मर्ल व्हिक्टर. खटला काढून टाकला.' खाली मॅजिस्ट्रेटची सही.

"हे मला का दिलं नाहीत?" लारोंदने विचारलं.

कारकुनाला प्रश्नच कळेना. "तुमच्या यादीत नवे आरोप आणि झालेले दंड असतात," तो म्हणाला. "सुटलेल्यांचे कागद बांधून कपाटात ठेवतो आम्ही. त्यांच्याकडून काही वसूल करायचं नसतं ना. तुम्ही कधी मागितले नाहीत."

म्हणजे तेवीस वर्षं आम्ही आरोप छापला, दंड छापला, आणि सुटका एकदाही छापली नाही. लारोंद तिथल्या स्टुलावर बसला. मग म्हणाला, "कसं कळणार होतं? कुणी सांगितलंच नाही."

आता गप्प बसणं माझ्या जिवावर आलं. "मला माहीत होतं," मी म्हटलं.

त्याने चष्मा काढला.

"मर्ल आणि मी एका शाळेत होतो. ती सुटली ते आन्स मारीत त्याच आठवड्यात सगळ्यांना कळलं होतं. तिच्या आईने मला विचारलंही होतं, आता हे छापणार ना म्हणून. मी हो म्हटलं."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

"यादीत नव्हतं. यादीत असेल ते मी जुळवते." मी खरं तेच सांगत होते आणि ते किती लाजिरवाणं आहे तेही मला कळत होतं. "आणि तेव्हा मी नवी होते. तुम्हाला चूक दाखवायची छाती नव्हती. नंतर छाती आली, पण तोवर मी विसरले होते."

तो मला ओरडला नाही. ओरडला असता तर बरं वाटलं असतं. त्याने कारकुनाला सगळ्या तेवीस वह्या काढायला लावल्या. तीन दिवस आम्ही त्या धुळीत बसलो. एकूण दोनशे सात माणसं निघाली, आरोप छापलेली आणि सुटका न छापलेली.

पोलियसला त्याने सांगितलं तेव्हा पोलियस हातातली कात्री घेऊनच उभा राहिला. "सगळी छापणार? आत्ता? मतदानाला आठ दिवस राहिलेत. अहो, आपण भिंतीभिंतीवर काय रंगवलंय? 'शंख कधी चुकला नाही.' आणि तुम्ही स्वतःच दोनशे सात चुका छापणार?"

"चूक आहे ना?"

"आहे. निवडणूक झाल्यावर छापा."

"मी निवडून येऊन छापलं तर लोक म्हणतील, आता याचं काय जातंय," लारोंद म्हणाला. "आत्ताच छापायला हवं. लोकांना कळेल, हा माणूस स्वतःलाही सोडत नाही."

हे शेवटचं वाक्य मला खटकलं होतं, पण मी बोलले नाही. माझं तोंड आधीच भाजलेलं होतं. मी तीन दिवस मान मोडून खिळे जुळवले. चार पानांची जादा पुरवणी, आडनावांच्या क्रमाने, वर मोठ्या अक्षरांत मथळा: 'ज्यांच्यावर काही सिद्ध झालं नाही'. खाली लारोंदची माफी. मला ते छापताना बरं वाटत होतं, हे कबूल करते. आपलं पाप धुतलं जातंय असं वाटत होतं.

शनिवारी दुपारी अंक बाहेर पडला. चार वाजता पहिला माणूस छापखान्यात आला. तो पाद्री होता, लॅम्बर्ट टाउनच्या मोठ्या चर्चचा. वयाच्या विसाव्या वर्षी त्याच्यावर रम गाळल्याचा आरोप आला होता आणि तो सुटला होता. हे त्याच्या बायकोला माहीत नव्हतं. निदान दुपारी तीनपर्यंत.

त्याच्या मागोमाग लोंढा. "मी चोर नाही असं छापलंत," एक कोळी म्हणाला. "पण मला चोर म्हणत कोण होतं? सगळे विसरले होते. आता दुपारपासून जो तो विचारतोय, काय रे, काय चोरलं नव्हतंस?"

एका बाईच्या नातवंडांनी तिला विचारलं होतं की 'दंगामस्ती करून शांतताभंग' म्हणजे नेमकं काय केलं होतंस. एकाचा साखरपुडा पुढे ढकलला गेला. दंड भरलेली माणसं उमेदवाराला खुशाल चिडवून मत देणार होती, कारण त्यांचं जे व्हायचं ते होऊन गेलं होतं. सुटलेली माणसं मात्र भडकली. आमच्या बेटावर 'अमक्याने केलं नाही' असं छापून आलं की लोक 'अमक्याने' एवढंच वाचतात. हे बेटावरच्या लहान पोरालाही ठाऊक आहे. तेवीस वर्षं पेपर काढून लारोंदला ठाऊक नव्हतं आणि मला असून सुचलं नाही.

एकतीस मतांनी पडला. मॉर्न काबरीच्या पेटीत त्याला नऊ मतं मिळाली. मतमोजणीच्या शाळेबाहेर सेल्विनच्या माणसांनी शंख फुंकले, पोटभर फुंकले. पोलियस म्हणाला, "एक नाव छापायचं होतं ते दोनशे सात छापलीत. मापाच्या बाहेर कापड फाडलंत." आणि तो महिनाभर आमच्याशी बोलला नाही.

लारोंदही बोलेनासा झाला. कोर्टाची यादी त्याने बंदच केली. तिसऱ्या पानावर पाककृती येऊ लागल्या आणि खप निम्म्यावर आला. तो मागच्या खोलीत शाईच्या डब्यांजवळ बसून राहायचा. "मी खरं छापलं की लोक चिडतात, चूक दुरुस्त केली की जास्त चिडतात," एकदा म्हणाला. "आता मी काय करू ते तूच सांग." त्याची मला कीव आली आणि रागही आला, कारण तो अजून स्वतःबद्दलच बोलत होता.

पुढच्या रविवारी मी एकटी मॉर्न काबरीला चढून गेले. मर्ल अंगणात कच्ची केळी सोलत होती. मी समोर बसून दुसरी सुरी घेतली आणि सोलायला लागले.

"मर्ल, ती सत्तावनची ओळ मी जुळवली होती," मी म्हटलं.

"माहीत आहे. दुसरं कोण जुळवतं तिथे?"

"तू सुटलीस तेही मला माहीत होतं."

"तेही माहीत आहे. आई सांगायची, क्लोतिल म्हणाली येईल पुढच्या अंकात. दोन वर्षं दर शनिवारी ती अंक विकत घ्यायची. तिला वाचता येत नव्हतं. मला वाचायला लावायची."

मी केळं खाली ठेवलं. माफी मागायला शब्द शोधत होते आणि जो सापडेल तो तोकडा वाटत होता. शेवटी नुसतं "माझं चुकलं" एवढंच म्हटलं. मर्लने मान हलवली, म्हणजे ऐकलं एवढंच.

मग मी विचारलं, "आता छापलं ना आम्ही. वाचलंस?"

"वाचलं. व्हिक्टर, म्हणजे सगळ्यात शेवटी. कॉन्रॅड वाचत होता ओट्यावर. 'ड'पर्यंत पोचेतो दमला, म्हणाला याच्यात दंडच नाहीत, मजा नाही. पुरवणीत मासे बांधून दिले त्याने." तिने साल टोपलीत टाकलं. "क्लोतिल, माझी अब्रू कागदावर गेली नाही. ओट्यावर गेली. आणि तुझ्या मिस्टर लारोंदने ते माझ्यासाठी छापलंच नव्हतं. मी म्हटलं होतं ना, निवडणूक झाल्यावर या? निवडणूक होऊन गेली. आला का तो?"

सोमवारी मी लारोंदला हे शब्द न शब्द सांगितलं, तिच्या आईचं सुद्धा. त्याने शाईच्या डब्याचं झाकण बंद केलं. मग त्याने पेन्सिल मागितली.

शनिवारी अंकांचे गठ्ठे घेऊन जाणाऱ्या लॉरीत आम्ही दोघं बसलो. तीन वाजता मॉर्न काबरीला पोचलो. कॉन्रॅडच्या ओट्यावर नेहमीची मंडळी होती: डॉमिनो खेळणारे, रम पिणारे, बाजारातून परतलेल्या बायका. कॉन्रॅडने चष्मा नाकावर सरकवला.

"अरे वा, पडलेले उमेदवार. मतं तर संपली. आता काय मागायला आलात?"

"तुमची खुर्ची," लारोंद म्हणाला. "पाच मिनिटं. आज यादी मी वाचतो."

"यादी आहे?" एकाने विचारलं. "आम्हाला वाटलं भोपळ्याचं सूप असेल."

लोक हसले आणि जवळ सरकले. लारोंद खुर्चीत बसला नाही, तिच्या पाठीला धरून उभा राहिला. मर्ल रस्त्याच्या पलीकडे होती, पिशवी घेऊन कुणाच्या तरी घरून येत होती. आमची लॉरी बघून थांबली, पण इकडे आली नाही.

त्याने खिशातून कागद काढला. कागदाशिवाय त्याला बोलताच येत नव्हतं. सुरुवातीला आवाज इतका बारीक निघाला की मागून कुणीतरी "जोरात" म्हणालं. त्याने पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

"मॉर्न काबरी. मर्ल व्हिक्टर, शिक्षिका. मार्च सत्तावन. इस्टेटीच्या वखारीतून दोन पोती जायफळ चोरल्याचा आरोप. तो मी छापला. मे सत्तावनमध्ये मॅजिस्ट्रेटने खटला काढून टाकला. ते मी छापलं नाही. मर्ल व्हिक्टर यांनी जायफळ चोरलेलं नाही. पंधरा वर्षं या ओट्यावर जे बोललं गेलं ते माझ्यामुळे. सही, एव्हरार्ड लारोंद."

त्याने कागदाची घडी केली. डॉमिनोवाल्यांपैकी एकाचा हात सोंगटीसह तसाच वर राहिला होता. कॉन्रॅड चष्मा पुसायला लागला. पुसून झाला तरी पुसत राहिला. मला वाटलं, आता कुणीतरी हसेल आणि सगळं होतं तिथेच जाईल.

कोपऱ्यात म्हातारा पा लेऑन बसला होता. गावातला सगळ्यात वयस्कर माणूस, इस्टेटीत चाळीस वर्षं राबलेला. त्याने काठी पुढे घेतली आणि म्हणाला, "मग ती दोन पोती नेली कुणी?"

लोक एकमेकांकडे बघायला लागले.

"हो, खरंच," एक बाई म्हणाली. "आणि एका टोपलीत दोन पोती मावतात कशी?"

"दोन पोती न्यायला गाढव तरी लागेल."

"गाढव कशाला? ओव्हरसियरकडे इस्टेटीची गाडी होती."

"त्याने मोटरसायकल घेतली होती ना तेव्हा? लाल?"

"ती सत्तावनला घेतली."

"छे. अठ्ठावनला."

बघता बघता ओटा पेटला. जो तो हमरीतुमरीवर आला, वखारीची किल्ली कुणाकडे असायची, रात्रपाळीला कोण होतं, ओव्हरसियर बेट सोडून कधी गेला. लारोंदकडे आता कुणाचंच लक्ष नव्हतं. तो कडेला भिंतीला टेकून उभा होता.

मर्ल रस्ता ओलांडून आली. ओट्याच्या पायरीशी माझ्या बाजूला उभी राहिली. तिने पिशवी दोन्ही हातांनी छातीशी धरली होती आणि ती रडत होती, आवाज न करता, डोळेही न पुसता. "क्लोतिल," ती म्हणाली, "पंधरा वर्षांत हे पहिल्यांदा कुणी विचारलं."

वर वाद मोटरसायकलवर अडला होता. कुणी सत्तावन म्हणे, कुणी अठ्ठावन. मर्लने आवाज चढवला. तिचा तो आवाज मी शाळा सुटल्यापासून ऐकला नव्हता.

"अठ्ठावन," ती म्हणाली. "मला पक्कं आठवतं. मी घरी बसून होते. रस्त्यावरून काय काय जायचं ते सगळं बघायची."

मग कॉन्रॅड उठला, खुर्ची उचलून पायरीपर्यंत घेऊन आला, आणि तिच्याकडे न बघता म्हणाला, "वर येऊन बसा, मिस व्हिक्टर. आणि नीट सांगा, अठ्ठावनच्या कोणत्या महिन्यात."